आयरिसबाईंचं कपाट

2005च्या सप्टेंबरात न्यूयॉर्कच्या मेट्रोपॉलिटन म्युझियमने एका बाईचं कपाट मांडलं. या बाई राणी नव्हत्या, नटी नव्हत्या, कपड्यांच्या डिझायनरही नव्हत्या. शिवाय चांगल्या हयात होत्या, चौऱ्याऐंशी वर्षांच्या! आयरिस अ‍ॅपफेल त्यांचं नाव. डोळ्यांवर बशीएवढा गोल चष्मा, हातात कोपरापर्यंत कडी.

म्युझियमला आधी हवे होते फक्त त्यांचे दागिने, तेही बरेचसे नकली खड्यांचे. पण दागिना कशावर घातला होता हे कळल्याशिवाय त्यातली गंमत कळायची कशी? म्हणून क्युरेटर हॅरल्ड कोडा यांनी सोबत थोडे कपडे मागितले, आणि मग कपाटांमागून कपाटं उघडत गेली.

एरवी अशा दालनात पोशाखाखाली डिझायनरचं नाव आणि साल लिहिलं की काम भागतं. इथे एकेका पुतळ्यावर पॅरिसचा उंची कोट आणि जुन्या बाजारातली माळ शेजारी नांदत होती. मांडली होती ती निवड. पानात चटणी डावीकडे, भाजी उजवीकडे, तसं कशाशेजारी काय, एवढ्यावरच सगळी मदार. बाईंना एकदा चर्चमधल्या धर्मगुरूचा जुना झगा आवडला. नवरा कार्ल म्हणाला, लोक काय म्हणतील? बाईंनी तो घेतलाच, आणि खाली रेशमी विजार घालून मिरवला.

ही नजर आली कुठून? मला वाटतं, धंद्यातून. 1950मध्ये या जोडप्याने ‘ओल्ड वर्ल्ड वीव्हर्स’ ही कंपनी काढली. जुन्या कापडांचे नमुने पाहून हुबेहूब तसंच कापड विणून घ्यायचं, हे तिचं काम. व्हाइट हाउसलाही त्यांचं कापड जाई. जुन्या विणीची नक्कल करायची तर धागा, रंग, पोत यांच्याकडे किती बारकाईने बघावं लागत असेल!

एक मात्र अजब आहे. रेशीम आणि रंग उजेडाने विटतात, म्हणून वस्त्रदालनांत प्रकाश साधारण 50 लक्सवर ठेवतात, म्हणजे जेमतेम दिसेल इतका. आणि संग्रहालयाच्या मालकीचा झालेला कपडा सहसा पुन्हा कुणी अंगावर घालत नाही. आयरिसबाईंना हे कसं मानवलं असतं कोण जाणे. त्यांना तर कपडा अंगावर मिरवायलाच हवा: 2019मध्ये, वयाच्या सत्त्याण्णवाव्या वर्षी, त्यांनी आयएमजी या एजन्सीशी मॉडेलिंगचा करार केला.