बेटं बोलली, कारण ऐकणारं कुणी आलं

आयर्लंडच्या पश्चिमेला, भर समुद्रातल्या एका बेटावरचं स्वयंपाकघर. दोन बहिणी आईच्या नकळत एक गाठोडं सोडायला बसल्या आहेत. दूर उत्तरेला डोनेगलच्या किनाऱ्यावर एका बुडालेल्या माणसाचं प्रेत लागलं, त्याच्या अंगावरचे कपडे पाद्र्यानं पाठवले आहेत. एक सदरा आणि एक मोजा. सदऱ्याचं कापड भावाच्या सदऱ्यासारखंच आहे, पण तसल्या कापडाचे तागे गॉलवेच्या दुकानांत ढिगानं पडलेले असतात, त्यावरून काय ओळखणार? मग धाकटी नोरा मोजा हातात घेते आणि टाके मोजते. साठ टाके घातले होते, त्यातले चार सुटले होते. मोजा तिनंच विणलेला. मायकेल गेला, हे घराला असं कळतं.

‘रायडर्स टू द सी’ ही जॉन मिलिंग्टन सिंगची एकांकिका २५ फेब्रुवारी १९०४ रोजी डब्लिनमध्ये पहिल्यांदा रंगमंचावर आली. इंग्रजी साहित्य शिकलेल्या आपल्याकडच्या अनेकांना ती अभ्यासक्रमामुळे माहीत असते. प्रयोग जेमतेम अर्ध्या तासाचा. या बहिणींची म्हातारी आई मॉर्या हिनं सासरा, नवरा आणि एकामागून एक मुलगे समुद्राला दिलेले. उरलेला एकटा बार्टली घोडे विकायला गॉलवेच्या जत्रेला निघतो, आणि पडदा पडायच्या आत त्याचंही प्रेत घरात येतं. मायकेलच्या शवपेटीसाठी आणून ठेवलेल्या पांढऱ्या फळ्या बार्टलीच्या कामी येतात. पेटी करायला माणसं बसतात तेव्हा लक्षात येतं, फळ्या आणल्या पण खिळे आणायचे राहिले. इतकी मरणं पाहिलेली बाई खिळे कसे विसरली, असं एक जण विचारतो. मला या नाटकातली सगळ्यात जड जागा हीच वाटते. आक्रोश कुठलाही नाटककार लिहील. खिळे विसरणं तोच लिहू शकतो, जो अशा घरात राहून आला आहे.

आणि सिंग राहून आला होता. १८७१ साली डब्लिनजवळच्या सुखवस्तू प्रोटेस्टंट घरात जन्मलेला हा तरुण आधी संगीत शिकला, जर्मनीत गेला, मग पॅरिसमध्ये लेखक होण्याची धडपड करत बसला. तिथं १८९६ साली कवी येट्सची गाठ पडली. येट्सनं त्याला सांगितलं, इथलं सोड आणि ॲरन बेटांवर जा. तिथल्या लोकांत राहा, त्यांचं जगणं आजवर कुणी लिहिलेलं नाही. १८९८ च्या मे महिन्यात सिंग गेला, आणि १९०२ पर्यंत एकूण पाच वेळा गेला.

ॲरन म्हणजे गॉलवेच्या उपसागराच्या तोंडाशी असलेली तीन बेटं: इनिशमोर, इनिशमान आणि इनिशीर. सगळा चुनखडीचा कातळ. माती नाहीच म्हणायची. लोकांनी किनाऱ्यावरची वाळू आणि समुद्रशैवाल पाठीवर वाहून आणायचं, कातळावर पसरायचं, कुजू द्यायचं आणि त्या हातभर वाफ्यात बटाटे लावायचे. असं केलेलं शेत वाऱ्यानं उडून जाऊ नये म्हणून भोवती दगडांचे गडगे. जळण म्हणून वापरायची वाळवलेली पीट मातीही बेटावर नाही. ती कॉनेमाराहून समुद्रमार्गे यायची. बेटकऱ्यांची रोजची होडी म्हणजे लाकडी पट्ट्यांच्या सांगाड्यावर ताणून बसवलेलं डांबर फासलेलं कापड. अशा होडीतून अटलांटिकवर जायचं. पायात कच्च्या कातड्याची वहाण, ती रात्री पाण्यात भिजत ठेवायची, नाहीतर सकाळी कडक होऊन पायाला लागते. आपल्याकडं कोरडवाहू मुरमाड रान करणाऱ्याला जमीन म्हणजे काय असते ते कळतं. पण इथं तर जमीनच आधी तयार करावी लागे.

सिंग बहुतेक काळ मधल्या इनिशमान बेटावर एका कुटुंबाच्या घरी उतरला. लोकांकडून आयरिश भाषा पक्की केली. म्हाताऱ्यांच्या गोष्टी ऐकल्या आणि वहीत उतरवल्या. कॅमेरा घेऊन फोटो काढले. त्या वहीतून ‘द ॲरन आयलंड्स’ हे पुस्तक झालं, ते १९०७ साली छापलं गेलं, आणि त्याच्या नाटकांची बीजंही त्याच वहीत सापडतात. मेल्याचं सोंग घेऊन बायकोची परीक्षा पाहणाऱ्या नवऱ्याची गोष्ट पॅट डिरेन नावाच्या म्हाताऱ्या कथेकऱ्यानं सांगितली, तिचं १९०३ साली ‘इन द शॅडो ऑफ द ग्लेन’ झालं. रागाच्या भरात बापाला फावड्यानं मारून बेटावर पळून आलेल्या आणि बेटकऱ्यांनी लपवून ठेवलेल्या माणसाची हकीकत ऐकली, तिचं ‘द प्लेबॉय ऑफ द वेस्टर्न वर्ल्ड’ झालं. जानेवारी १९०७ मध्ये ॲबी थिएटरात त्या नाटकाच्या वेळी दंगल उसळली. आयरिश शेतकऱ्याची आणि आयरिश बाईची ही बदनामी आहे, असं राष्ट्रवादी प्रेक्षकांना वाटलं. स्वातंत्र्यासाठी झगडणाऱ्या समाजाला खेड्यातला माणूस देवघरातल्या मूर्तीसारखा हवा असतो. सिंगनं त्याला रक्तामांसाचा दाखवला, हसणारा, खोटं बोलणारा, शूराच्या मागं लागणारा. १९०९ साली, वयाच्या सदतिसाव्या वर्षी, सिंग आजारानं गेला. त्याचं लेखन थोडं, पण आयर्लंडच्या रंगभूमीला त्यानं दिलेली बोली अजून चालू आहे: शब्द इंग्रजी, पण वाक्य आयरिश वळणाचं. मार्टिन मॅकडोनाची ‘द क्रिपल ऑफ इनिशमान’सारखी नाटकं आणि २०२२ चा ‘द बॅनशीज ऑफ इनिशेरिन’ हा चित्रपट त्याच वाटेवरचे.

तरीही सिंग पाहुणा होता. काही आठवड्यांसाठी यायचा, मग परत जायचा. बेटावरच्या माणसानं स्वतः लेखणी घेतली ती दक्षिणेला, केरी परगण्याच्या टोकाशी असलेल्या ग्रेट ब्लास्केट बेटावर. आणि मला विचाराल तर या सगळ्या कहाणीचा गाभा तिथं आहे.

हे बेट इतकं लहान की ऐन भरात तिथली वस्ती पावणेदोनशेच्या आसपास होती. दुकान नाही, डॉक्टर नाही, चर्च नाही. मेलेल्याला होडीतून मुख्य भूमीवर न्यायचं. १९०७ साली नॉर्वेचा कार्ल मार्स्ट्रांडर हा भाषापंडित आयरिश शिकायला आला, १९१० साली ब्रिटिश म्युझियममधला रॉबिन फ्लॉवर आला. दोघांना शिकवणारा माणूस एकच, टोमास ओ क्रिहन. मच्छीमार, शेतकरी, गवंडी आणि कवीही. शाळेत त्याला फक्त इंग्रजी वाचायला शिकवलेलं. आपली आयरिश भाषा वाचायला तो प्रौढपणी शिकला. मोठमोठे पंडित आपल्या पायाशी बसून शिकतात, हे पाहिल्यावर आपल्या भाषेची किंमत काय आहे ते त्याला उमगलं. पुढं ब्रायन ओ केली नावाच्या मित्रानं त्याला गॉर्की आणि पिएर लोती वाचून दाखवले आणि सांगितलं, तूही लिही, तुझ्या जगण्याबद्दल लिही. टोमासनं ‘अन् तिलानाख’, म्हणजे ‘बेटकरी’, लिहिलं. ते १९२९ साली आयरिशमध्ये आलं आणि १९३४ साली फ्लॉवरनं त्याचं इंग्रजी केलं. स्वतःची मुलं एकेक करून गमावल्याचं त्यात आहे, आणि ते मासे पकडण्याच्या हकीकतीइतक्याच सरळ आवाजात आहे.

त्याच्या मागोमाग १९३३ साली मॉरिस ओ सुलिव्हनचं बालपणाचं पुस्तक आलं, त्याला जॉर्ज थॉमसन या अभ्यासकानं लिहितं केलं होतं. १९३६ साली पेग सेयर्सचं आत्मचरित्र आलं. पेग लग्न होऊन बेटावर आलेली. तिला आयरिश लिहिता येत नव्हतं, पण गोष्टी शेकड्यांनी पाठ. ती सांगत गेली आणि तिच्या मुलानं, मिहॉलनं, लिहून घेतलं. दोनशे माणसंही नसलेल्या खडकानं दहा वर्षांच्या आत ही तीन पुस्तकं दिली. १९५३ च्या नोव्हेंबरात सरकारनं उरलेल्या बावीस माणसांना मुख्य भूमीवर हलवलं आणि बेट रिकामं झालं. पुस्तकं वीस वर्षं उशिरा सुचली असती तर आपल्या हाती भिंती तेवढ्या उरल्या असत्या.

हे सगळं औंढा नागनाथच्या वाचकासमोर मांडण्याला कारण आहे. इथं समुद्र नाही, पण आडबाजूचं असणं काय असतं ते इथं कुणाला सांगावं लागत नाही. हिंगोली जिल्हा १ मे १९९९ रोजी परभणीतून वेगळा झाला, त्याआधीही हा भाग नकाशाच्या कडेलाच होता. आज तालुक्यात दुधाळ्याला लायगो-इंडिया ही प्रयोगशाळा उभी राहते आहे. चार-चार किलोमीटर लांबीच्या दोन भुजा असलेलं हे यंत्र गुरुत्वीय लहरींची अतिसूक्ष्म थरथर टिपणार. त्यासाठी शहरांच्या, रेल्वेच्या, कारखान्यांच्या हादऱ्यांपासून दूरची जागा लागते. विज्ञानाला या आडवाटेची किंमत कळली. साहित्यालाही ती फार पूर्वी कळली होती.

नामदेवांचं नरसी याच जिल्ह्यातलं. परंपरा सांगते की पिंडीवर पाय ठेवून झोपलेल्या विसोबा खेचरांची आणि नामदेवांची गाठ औंढ्याच्या देवळातच पडली. आणि दुसरी कथा तर इथल्या प्रत्येक मुलाला माहीत आहे: कीर्तन करायला समोर जागा दिली नाही, तेव्हा नामदेव देवळामागं जाऊन उभे राहिले आणि देऊळ फिरलं, नंदी मागं राहिला. आजही वाकून त्या खोल गाभाऱ्यात उतरणारा भाविक ही खूण पाहूनच परततो. मी ही कथा चमत्कार म्हणून सांगत नाही. मागं हाकललेल्या माणसाचा आवाज ऐकायला देव स्वतः वळला, असं या मुलखातल्या लोकांनी शेकडो वर्षं एकमेकांना सांगितलं, ही गोष्ट मला मोठी वाटते. शिंप्याचा मुलगा नामदेव आणि गंगाखेडहून आलेली दासी जनाबाई, दोघांनी आपल्या जात्या-चुलीच्या भाषेत देवाशी बोलणं केलं. ब्लास्केटच्या मच्छीमाराला जे विसाव्या शतकात सुचवावं लागलं, ते गोदेच्या या खोऱ्यात सहा-सातशे वर्षांपूर्वी कुणी न सांगता घडलं होतं.

आजच्या काळातही मराठवाडी बोलीनं आपलं घर केलं आहे. रा. रं. बोराडे यांची ‘पाचोळा’ ही कादंबरी १९७१ साली आली; एका शिंप्याच्या घराची वाताहत त्याच्या बायकोच्या तोंडून, तिच्याच बोलीत सांगितलेली. वसमत तालुक्यातल्या रिढोऱ्याचे इंद्रजित भालेराव यांनी ‘पीकपाणी’तून शेतातल्या बायाबापड्यांची भाषा कवितेत आणली. परभणीच्या आसाराम लोमटे यांच्या ‘आलोक’ या कथासंग्रहाला २०१६ चा साहित्य अकादमी पुरस्कार मिळाला. हे लेखक टोमासच्या जातकुळीचे आहेत. आतून लिहिणारे.

पण पेगसारख्यांचं काय? ज्यांना लिहिता येत नाही आणि ज्यांच्याजवळ सगळं पाठ आहे त्यांचं? महाराष्ट्रात हे काम एकदा फार मोठ्या प्रमाणावर झालं. हेमा राईरकर आणि गी पॉयटवँ यांनी १९८० च्या दशकापासून गावोगाव फिरून जात्यावरच्या ओव्या गोळा केल्या. हजाराहून अधिक गावं, एक लाखाहून अधिक ओव्या. पुढं त्यातल्या कितीतरी ध्वनिमुद्रित झाल्या आणि आता ‘पारी’ या ग्रामीण भारताच्या डिजिटल संग्रहाच्या संकेतस्थळावर ऐकायला मिळतात. जातं गिरणीनं बंद केलं, पण दळताना बाई काय बोलत होती ते या दोघांमुळे आणि त्यांच्या सोबतच्या कार्यकर्त्या बायांमुळे राहिलं. तरी आपल्या भागातल्या किती गोष्टी कुठल्याच वहीत नाहीत! बंजारा तांड्यावर होळीला रात्रभर चालणारी लेंगी गोरबोलीत आहे, आणि त्या बोलीला स्वतःची लिपी नाही. आंध आदिवासींच्या वस्त्यांवरच्या म्हाताऱ्यांच्या आठवणी त्यांच्याबरोबरच जात आहेत.

आयर्लंडनं यावर एक साधा उपाय केला. १९३५ साली तिथं लोकसाहित्य आयोग स्थापन झाला. १९३७ ते १९३९ या काळात आयोगानं प्राथमिक शाळांतल्या वरच्या वर्गांना सांगितलं की निबंधाच्या तासाऐवजी घरी जा, आजी-आजोबांना विचारा आणि जसं बोलतील तसं लिहून आणा. सुमारे पाच हजार शाळांनी भाग घेतला, लिहिणारी मुलं पन्नास हजारांच्या आसपास होती. शिक्षकांच्या हाती प्रश्नांची पुस्तिका दिलेली: गावातल्या विहिरी, शेतांची नावं, घरगुती औषधं, पावसाच्या खुणा, दुष्काळाच्या आठवणी, जुने कारागीर. मुलांच्या त्या वह्या जपून ठेवल्या गेल्या आणि आता त्या जगात कुठूनही वाचता येतात. वहीच्या पानावर मुलाचं नाव, सांगणाऱ्याचं नाव आणि गाव. एवढ्यानं त्या पानाला अभ्यासाच्या साधनाचं मोल आलं.

औंढा तालुक्यातल्या जिल्हा परिषदेच्या शाळांना हे आज जमण्यासारखं आहे. पैसा लागत नाही, वही लागते. आणि सांगणाऱ्याची तयारी असेल तर घरातल्या मोबाईलवर आवाजही ठेवता येतो. मुलांनी विचारायचं ते असं: आपल्या वावरांची नावं काय आणि ती कशी पडली? महाशिवरात्रीच्या यात्रेत रथ निघतो, तेव्हा पूर्वी कुठल्या गावाचा कोणता मान होता? बाहत्तरच्या दुष्काळात कुठल्या कामावर गेलात, काय खाल्लंत? पेरणीच्या वेळी काय म्हणायचं? आणि सगळ्यात आधी रझाकारीबद्दल विचारायचं. १९४८ च्या पोलीस ॲक्शनच्या वेळी दहा वर्षांचं असलेलं माणूस आज पंच्याऐंशीच्या पुढं आहे. त्या दिवसांत कोण कुठं लपलं, गाव सोडून कोण गेलं, धान्य कुठं पुरलं, हे सरकारी दप्तरात सापडत नाही. ते ज्याच्या घरात घडलं त्याच्याजवळच आहे, आणि दिवाळीच्या सुट्टीत नातवंडं घरी असतात.