आकाशाची कोष्टके (लेखांक 6) : सिंहस्थाचा गुरू आणि 'ग्रहलाघवा'चे गणित

गुरू सिंह राशीत आला म्हणजे नाशिकच्या रामकुंडावर आणि त्र्यंबकेश्वरच्या कुशावर्तावर सिंहस्थ पर्वाला आरंभ होतो. हे पर्व बारा वर्षांनी येते असे सर्वसाधारणपणे म्हटले जात असले, तरी गुरूची राशिचक्रातील एक प्रदक्षिणा सुमारे 4332 दिवसांत, म्हणजे 11.86 वर्षांत पुरी होते. अशा सात प्रदक्षिणांना 84 ऐवजी सुमारे 83 वर्षे लागत असल्यामुळे सिंहस्थ अधूनमधून अकरा वर्षांनीच येतो. पर्व नेमके केव्हा लागेल हे म्हणूनच वर्षे मोजून ठरत नाही. त्यासाठी गुरूचे स्थान गणिताने काढावे लागते. महाराष्ट्रातील ज्योतिषी हे गणित कित्येक शतके ज्या ग्रंथावरून करीत आले, तो गणेश दैवज्ञांचा 'ग्रहलाघव' हा ग्रंथ या लेखाचा विषय आहे.

गणेश दैवज्ञ नांदगावचे. नाशिक जिल्ह्यातही नांदगाव हे तालुक्याचे गाव असल्यामुळे येथे खुलासा आवश्यक आहे, की हे नांदगाव कोकणातील, मुरूड-जंजिऱ्याजवळचे समुद्रकाठचे गाव होय. त्यांचे वडील केशव दैवज्ञ हे स्वतः वेध घेणारे, म्हणजे ग्रहांची स्थाने आकाशात प्रत्यक्ष मोजणारे ज्योतिषी होते आणि 'ग्रहकौतुक' हा करणग्रंथ त्यांनी शके 1418 मध्ये रचला होता. एखादा जवळचा आरंभकाळ धरून व्यवहारी गणिताच्या सोप्या रीती देणाऱ्या ग्रंथाला 'करण' म्हणतात. गणेशांनी आपल्या करणासाठी शके 1442 च्या चैत्राचा आरंभ, म्हणजे इसवी सन 1520 चा मार्च महिना, हा आरंभकाळ धरला.

आरंभकाळापासून इष्ट दिवसापर्यंत लोटलेल्या दिवसांच्या संख्येला 'अहर्गण' म्हणतात. प्राचीन सिद्धांतग्रंथांत ही संख्या कल्पारंभापासून किंवा युगारंभापासून मोजली जात असल्यामुळे ती प्रचंड होई आणि पाटीवर गुणाकार-भागाकार करणाऱ्याच्या हातून चूक होण्याचा संभव मोठा असे. गणेशांनी अकरा वर्षांचे, 4016 दिवसांचे एक 'चक्र' कल्पिले, अहर्गण दर चक्रानंतर नव्याने मोजण्याची योजना केली आणि प्रत्येक चक्रामागे ग्रहाच्या स्थानात किती फरक पडतो याचे ठरावीक अंक 'ध्रुवक' म्हणून देऊन ठेवले. चालू शके 1948 मधून 1442 वजा केल्यास 506 उरतात, त्यांना अकराने भागले असता 46 चक्रे पुरी होऊन शेष शून्य राहतो. पाचशे वर्षांनंतरही गणिताचा भार वाढत नाही, हा या योजनेचा मोठा गुण होय.

गुरूची मध्यम गती, म्हणजे त्याच्या चालीतील चढउतार वगळून धरलेली सरासरी गती, काढण्याची रीत तर विलक्षण सोपी आहे. अहर्गणाला 12 ने भागले की अंश मिळतात आणि त्यातून अहर्गणाला 70 ने भागून येणाऱ्या कला (अंशाचा साठावा भाग म्हणजे कला) वजा केल्या की काम संपते. अहर्गण 240 असल्यास 20 अंशांतून सुमारे साडेतीन कला वजा होतात. या एवढ्याशा रीतीतून गुरूच्या प्रदक्षिणेचा जो काळ निघतो, तो आधुनिक मानाशी एका दिवसाच्या आत जुळतो.

मध्यम गुरू आणि आकाशात दिसणारा 'स्पष्ट' गुरू यांत मात्र दोन कारणांनी अंतर पडते. गुरूची कक्षा लंबवर्तुळाकार असल्यामुळे करावा लागणारा संस्कार तो 'मंदफल', आणि पृथ्वी स्वतः सूर्याभोवती फिरत असल्यामुळे करावा लागणारा संस्कार तो 'शीघ्रफल'. गुरू कधी मागे जाताना, म्हणजे वक्री झालेला दिसतो, तो या दुसऱ्या कारणाने. ऑक्टोबर 2026 च्या अखेरीस सिंहेत आलेला गुरू 2027 च्या आरंभी कर्केत परततो आणि जूनअखेर पुन्हा सिंहेत येतो, त्याचेही मूळ यातच आहे. ही फले काढण्यासाठी पूर्वसूरी ज्या-चापांचा, म्हणजे त्रिकोणमितीचा अवलंब करीत. गणेशांनी ती सारी खटपट टाळून दर पंधरा अंशांना एक याप्रमाणे तयार अंक दिले. गुरूचे शीघ्रांक 25, 47, 68, 85, 98, 106, 108 असे चढत जाऊन पुढे उतरतात, आणि त्यांना 10 ने भागले की फलाचे अंश मिळतात. मध्यम सूर्य आणि गुरू यांतील अंतर, म्हणजे 'शीघ्रकेंद्र', 50 अंश असेल तर 45 अंशांचा 68 आणि 60 अंशांचा 85 यांमधील 17 च्या फरकाचा तिसरा हिस्सा 68 मध्ये मिळवावा. उत्तर सुमारे 7 अंश 22 कला येते.

पुढे शके 1447 मध्ये रचलेल्या 'तिथिचिंतामणी'त त्यांनी हेच तत्त्व पंचांगाला लावले आणि तिथी, नक्षत्र व योग यांची समाप्ती काढण्याची कोष्टके दिली. याच काळात युरोपातही असेच प्रयत्न चालू होते. कोपर्निकसच्या पद्धतीवर राइनहोल्डने 1551 मध्ये प्रुशियन कोष्टके रचली आणि केप्लरची रुडॉल्फीय कोष्टके 1627 मध्ये प्रसिद्ध झाली. केप्लरने गणिताचा भार हलका करण्यासाठी लॉगरिदमचा आश्रय केला, तर गणेशांनी त्रिकोणमितीच वगळली.

परंतु गणेशांचे खरे मोठेपण सोपेपणाहून निराळे आहे. त्यांनी कोणत्याही एका सिद्धांताशी स्वतःला बांधून घेतले नाही. सूर्य त्यांनी सूर्यसिद्धांताच्या पक्षातून (पक्ष म्हणजे गणिताची परंपरा) घेतला, चंद्रही त्याच पक्षातला, पण 9 कला कमी करून. गुरू आणि मंगळ आर्यपक्षातून घेतले, बुध ब्राह्मपक्षातून, आणि शनी आर्यपक्षाचा असूनही त्यात 5 अंश वाढविले. ज्या मानाने ग्रह आकाशात प्रत्यक्ष जुळतो ते मान ग्राह्य, हीच यामागील कसोटी होती.

कालांतराने याही कोष्टकांत अंतर साचले. केरो लक्ष्मण छत्रे यांनी 1860 मध्ये 'ग्रहसाधनाची कोष्टके' हा ग्रंथ युरोपीय मानांच्या आधारे मराठीत सिद्ध केला, आणि नाशिकचे विसाजी रघुनाथ लेले यांनी जनार्दन बाळाजी मोडक व शंकर बाळकृष्ण दीक्षित यांच्यासह शके 1806 पासून सायन, म्हणजे वसंतसंपातापासून राशी मोजणारे, पंचांग चालविले. जुन्या ग्रंथाचा हा अवमान आहे असे त्या काळी अनेकांना वाटले. तथापि ज्याने स्वतःच शनीला 5 अंश पुढे सरकविले, त्याच्या ग्रंथातील अंक अचल मानणे हा त्याचा आदर नव्हे. कोष्टक आकाशाशी जुळत नसेल तर कोष्टक सुधारावे, हाच 'ग्रहलाघवा'चा खरा वारसा आहे, आणि सिंहस्थाचा गुरू गोदाकाठावरून पाहणाऱ्या प्रत्येकाने तो ध्यानात ठेवावा.