मार्गरित म्हणजे मोती, मार्गरित म्हणजे फूल

उच्चार

इंग्रजीतल्या 'मार्गारेट'ची ही फ्रेंच बहीण. रोमन लिपीत लिहिलेलं नाव पाहिलं की शेवटी 'ई' आणि 'ग'च्या पुढे 'यू' दिसतो. दोन्ही अक्षरं बोलायची नाहीत. 'यू' तिथे आहे तो 'ग'चा कठोरपणा टिकवण्यासाठी. शेवटचा 'त' मात्र 'रीत' शब्दातल्यासारखा स्वच्छ दंत्य. 'मार्गराईट' हा आपल्याकडे कानावर पडणारा उच्चार चुकीचा आहे. तो ऐकला की फ्रेंच माणसाला आपण कुणाला हाक मारतोय तेच कळत नाही.

मोत्याचा माग

ग्रीक 'मार्गारितेस' म्हणजे मोती. त्याचं लॅटिनमध्ये 'मार्गारिता' झालं आणि लॅटिनमधून ते फ्रेंचमध्ये उतरलं. पण ग्रीकांचाही हा शब्द घरचा नव्हता. चांगला मोती त्यांच्या समुद्रात मिळत नसे, तो पूर्वेकडून यायचा. ॲरिस्टॉटलचा शिष्य थिओफ्रास्टस याने दगडांवर लिहिलेल्या पुस्तकात हा शब्द येतो आणि हे रत्न हिंदुस्थानातून येतं असंही तो तिथेच सांगतो. व्यापाऱ्यांनी माल नेला, मालाबरोबर नावही गेलं.

ते नाव मुळात इराणी असावं असं बहुतेक भाषाशास्त्रज्ञ मानतात. फारसीत मोत्याला 'मरवारीद' म्हणतात. युनानी औषधांच्या दुकानात मिळणाऱ्या 'खमीरा मरवारीद'मध्ये तो शब्द आजही आपल्याकडे नांदतो आहे. दुसरं एक मत हा धागा संस्कृत 'मंजरी'शी जोडतं. तुळशीच्या तुऱ्याला आपण मंजिरी म्हणतो, पण संस्कृत कोशांत या शब्दाचा मोती असाही एक अर्थ नोंदवलेला आहे. हे नातं खरं ठरलं, तर आपली मंजिरी आणि फ्रान्सची मार्गरित एकमेकींच्या दूरच्या बहिणी. मला इराणी वाट जास्त पटते, कारण मोत्याचा जुना व्यापार इराणच्या आखातातूनच चालत असे.

याच शब्दाचं एक नातं थेट स्वयंपाकघरात पोहोचतं. १८१३ साली शेवरल या फ्रेंच रसायनशास्त्रज्ञाला चरबीतून मोत्यासारखी चमक असलेला एक पदार्थ मिळाला. त्याने त्याला मोत्यावरून नाव दिलं. पुढे १८६९ मध्ये इपोलित मेज-मूरिएस याने लोण्याला स्वस्त पर्याय तयार केला, तेव्हा तोच शब्द त्याच्या कामी आला. पावाला लावायचं मार्गरीन ते हेच.

मोत्याचं फूल झालं

फ्रेंचमध्ये 'मार्गरित' हे एका फुलाचंही नाव आहे. शेवंतीच्या कुळातलं, कुरणात आपोआप उगवणारं, भोवती पांढऱ्या पाकळ्या आणि मधोमध पिवळी चकती. हिरव्या गवतात त्याच्या पांढऱ्या कळ्या लांबून सांडलेल्या मोत्यांसारख्या दिसतात, म्हणून मोत्याचं नाव फुलाला मिळालं असं सांगतात. काही शतकं दोन्ही अर्थ शेजारी शेजारी नांदले. बायबलमधला 'डुकरांपुढे मोती टाकू नका' हा उपदेश (आपण जिथे 'गाढवाला गुळाची चव काय' म्हणू) जुन्या फ्रेंचमध्ये 'डुकरांपुढे मार्गरित' असाच म्हटला जाई. पुढे मोत्याला 'पेर्ल' हा शब्द रुळला आणि 'मार्गरित' फुलाकडे राहिलं. इंग्रजीत मार्गारेटला लाडाने 'डेझी' म्हणतात तेही याच फ्रेंच फुलामुळे.

हे फूल हातात घेऊन जवळून पाहावं असं आहे. जिला आपण पाकळी म्हणतो ती पाकळी नसून एक स्वतंत्र फूल असतं. एक पाकळी हलकेच उपटून तिचं चकतीकडचं टोक पाहिलं, तर तिथे दोन फाट्यांची बारीकशी कुक्षी दिसते. मधली पिवळी चकती म्हणजे शेकडो इवल्या फुलांची दाटी. फ्रेंच मुलं आणि प्रेमात पडलेली तरुण मंडळी याच पाकळ्या एकेक करून तोडतात आणि मोजतात. इंग्रजी खेळात उत्तरं दोनच, प्रेम आहे किंवा नाही. फ्रेंच खेळात मात्र थोडंसं, पुष्कळ, अगदी उत्कट, वेड लागेपर्यंत अशा पायऱ्या आहेत आणि मुळीच नाही ही शेवटची. प्रेमाला इतक्या पायऱ्या ठेवणारी भाषा मला फार समंजस वाटते.

चौदाव्या शतकात गीयोम द माशो, फ्र्वासार यांच्यासारख्या कवींनी या फुलावर कविता रचल्या. त्यांत फुलाची स्तुती चाललेली असते आणि तिच्याआड मार्गरित नावाची एखादी स्त्री उभी असते.

संत मार्गरित

हे नाव घरोघरी गेलं ते मात्र मोत्यामुळे किंवा फुलामुळे नव्हे. अंत्युखियाची संत मार्गरित हे त्याचं कारण. पूर्वेकडचे ख्रिस्ती तिला मरिना म्हणतात. आख्यायिका अशी: ती मूर्तिपूजक पुजाऱ्याची मुलगी, पण ख्रिस्ती झाली म्हणून बापाने तिला टाकलं. ती मेंढ्या राखू लागली. तिथल्या अधिकाऱ्याला तिने नकार दिला आणि तिला तुरुंगात टाकण्यात आलं. कोठडीत एका अजगरासारख्या राक्षसाने तिला गिळलं. हातातल्या क्रुसाने त्याचं पोट फुटलं आणि ती सुखरूप बाहेर आली.

पोटातून सुखरूप बाहेर येणं या एका प्रतिमेमुळे ती बाळंतिणींची संत झाली. बाराव्या शतकात नॉर्मन कवी वास याने तिचं चरित्र फ्रेंच पद्यात लिहिलं. तिच्या चरित्राचं चर्मपत्र प्रसूतीच्या वेळी बाईच्या पोटावर ठेवत. पॅरिसच्या सँ-जेर्मँ-दे-प्रे मठात तिचा म्हणून एक कमरपट्टा जपलेला होता आणि बाळंतपण सुखाने व्हावं म्हणून बायका त्याचा आधार घेत. बाळंतपण म्हणजे बाईचा दुसरा जन्म, असं आपल्याकडे म्हणतात. ज्या काळात हे वाक्य अक्षरशः खरं होतं, त्या काळात लेकीला या संताचं नाव ठेवण्यामागचं आईचं मन समजून घ्यायला फार प्रयास पडत नाहीत.

जोन ऑफ आर्कला ज्यांचे आवाज ऐकू येत, त्यांत ही मार्गरित होती. १४३१ साली रूआं इथल्या खटल्यात न्यायाधीशांनी जोनला विचारलं, संत मार्गरित इंग्रजी बोलते का? जोनने उलट प्रश्न केला, ती इंग्रजांच्या बाजूची नाही, मग इंग्रजी कशाला बोलेल? न्यायालयाच्या नोंदीत हे उत्तर आहे.

राण्या

फ्रान्सच्या इतिहासात या नावाच्या राण्या पुष्कळ. तेराव्या शतकातल्या मार्गरित द प्रोव्हाँसला विसरू नये. तिचा नवरा, राजा नववा लुई, १२५० साली इजिप्तमध्ये धर्मयुद्धात कैद झाला. ती तेव्हा दमिएत्ता शहरात, दिवस भरलेली. राजाचा सोबती ज्वाँव्हील लिहितो की तिने ऐंशी वर्षांच्या एका सरदाराकडून वचन घेतलं: शत्रू शहरात शिरले तर मी त्यांच्या हाती लागण्याआधी माझं डोकं उडवा. सरदार म्हणाला, माझ्या मनात तेच होतं. बाळंत होताच तिने पळू पाहणाऱ्या इटालियन व्यापाऱ्यांना खाटेपाशी बोलावलं, शहरातलं सगळं धान्य विकत घेतलं आणि शहर हातचं जाऊ दिलं नाही. ते शहर सोडण्याच्या अटीवरच पुढे राजाची सुटका झाली.

मार्गरित द व्हालुआ लोकांना 'राणी मार्गो' म्हणून माहीत आहे, ती अलेक्झांडर ड्यूमाच्या १८४५ च्या कादंबरीमुळे आणि १९९४ च्या चित्रपटामुळे. १८ ऑगस्ट १५७२ रोजी पॅरिसमध्ये तिचं लग्न झालं. सहाच दिवसांनी, लग्नाला आलेल्या प्रोटेस्टंट पाहुण्यांची कत्तल झाली. त्या पहाटे एक जखमी माणूस तिच्या शयनगृहात धावत आला आणि तिला घट्ट बिलगला. त्याच्या रक्ताने तिचे कपडे भिजले. हे तिने स्वतः आपल्या आठवणींत लिहून ठेवलं आहे. ड्यूमाच्या मार्गोपेक्षा मला ही आठवणी लिहिणारी मार्गरित मोठी वाटते.

लेखणी धरलेल्या मार्गरित

नावाचा अर्थ मोती असला, तरी फ्रान्समध्ये त्याला खरं पाणी चढवलं ते लिहिणाऱ्या बायकांनी.

पहिली मार्गरित पोरेत. देवाच्या प्रेमात विरघळलेल्या जिवाविषयी तिने एक पुस्तक लिहिलं, तेही विद्वानांच्या लॅटिनमध्ये नव्हे तर लोकांच्या फ्रेंचमध्ये. बिशपने ते वालांसियेन इथे जाळायला लावलं. तिने त्याचा प्रसार थांबवला नाही. पॅरिसमध्ये तिला कैद झाली. दीड वर्ष तिने चौकशी करणाऱ्यांसमोर शपथ घेतली नाही की उत्तर दिलं नाही. १ जून १३१० रोजी तिला जाळण्यात आलं. तिचा शेवट पाहून जमलेल्यांच्या डोळ्यांत पाणी आलं, असं त्या काळचा बखरकार लिहितो. पुस्तक मात्र उरलं. लेखिकेच्या नावाशिवाय ते लॅटिन, इटालियन, इंग्रजीत फिरत राहिलं आणि १९४६ साली रोमाना ग्वार्नियेरी या अभ्यासक बाईंनी ते पोरेतचं असल्याचं ओळखलं. आपली मुक्ताबाई याच काळातली. तिच्याही नावात मोती आहे आणि तिनेही देवाविषयी लोकांच्याच भाषेत लिहिलं. दोघींचा एकमेकींशी काही संबंध नाही, तरी एकीचं वाचताना दुसरी आठवल्यावाचून राहत नाही.

दुसरी मार्गरित द नाव्हार (१४९२–१५४९), राजा पहिला फ्रान्स्वा याची थोरली बहीण. पुरात अडकलेले दहा प्रवासी पिरेनीजमधल्या एका मठात बसून एकमेकांना गोष्टी सांगतात, अशी तिच्या 'हेप्तामेरों'ची रचना आहे. शंभर गोष्टींचा बेत होता, ७२ झाल्या आणि ती गेली. तिच्या एका धार्मिक काव्यावर पॅरिसच्या धर्मपंडितांनी १५३३ साली बंदी घालायचा प्रयत्न केला, तेव्हा राजाला मध्ये पडावं लागलं. तेच काव्य १५४४ मध्ये अकरा वर्षांच्या एका मुलीने इंग्रजीत आणून सावत्र आईला भेट दिलं. ती मुलगी पुढे इंग्लंडची राणी पहिली एलिझाबेथ झाली. १५४७ साली निघालेल्या आपल्या काव्यसंग्रहाच्या नावात मार्गरितने श्लेष साधला: 'राजकन्यांमधल्या मार्गरितच्या मार्गरित'. त्यात मोती, फुलं आणि कविता तिन्ही आल्या.

विसाव्या शतकात ही परंपरा फारच बहरली. मार्गरित ओदू ही अनाथ, मेंढ्या राखलेली, पॅरिसमध्ये शिवणकाम करून पोट भरणारी बाई. तिच्या 'मारी-क्लेर' कादंबरीला १९१० चं फेमिना पारितोषिक मिळालं. मार्गरित द्युरास सायगावजवळ जन्मली आणि सत्तरीत लिहिलेल्या 'लामाँ' या कादंबरीसाठी तिला १९८४ चं गाँकूर पारितोषिक मिळालं. मार्गरित युर्सनारने 'क्रेयांकूर' या आडनावातली अक्षरं फिरवून टोपणनाव घेतलं, मार्गरित मात्र तसंच ठेवलं. १९८० मध्ये ती फ्रेंच अकादमीवर निवडून आली, तेव्हा १६३५ साली स्थापन झालेल्या त्या संस्थेत प्रथमच एक स्त्री आली.

प्रयोगशाळेतली मार्गरित पेरेही इथे हवी. मेरी क्युरीच्या हाताखाली तयार झालेल्या या मुलीने १९३९ मध्ये ८७ वं मूलद्रव्य शोधलं आणि देशाच्या नावावरून त्याला फ्रान्सियम म्हटलं.

मार्गो, मागाली आणि इतर

घरात हाक मारताना मार्गरितची मार्गो होते, कधी गीत, कधी मागी. दक्षिणेतल्या प्रोव्हाँसमधलं 'मागाली' हे नावही याच मुळाचं मानतात. 'मार्गो' हे बोलीत एका बडबड्या काळ्या-पांढऱ्या पक्ष्याचंही नाव आहे. बोर्दो भागातल्या वाइनच्या गावावरून 'मार्गो' वेगळ्या अक्षरांनीही लिहितात, पण उच्चार तोच.

कायदा आणि कॅलेंडर

१८०३ च्या कायद्याने फ्रान्समध्ये मुलांची नावं कॅलेंडरातल्या संतांच्या किंवा प्राचीन इतिहासातल्या नावांतूनच ठेवायची अशी अट घातली होती. ती पुरती सुटली १९९३ मध्ये. त्यामुळे पिढ्यान्‌पिढ्या तीच नावं फिरत राहिली आणि १९०० च्या सुमारास मार्गरित हे मुलींच्या आघाडीच्या नावांपैकी एक होतं. मग ते आजीचं नाव झालं. आता नातीला आधी मार्गो आणि हळूहळू पुन्हा मार्गरितही म्हणू लागले आहेत.

ज्या संतामुळे हे सगळं सुरू झालं, तिचा इतिहासात पुरावा सापडत नाही म्हणून रोमन चर्चने १९६९ मध्ये तिचा सण सार्वत्रिक पंचांगातून वगळला. आज फ्रान्समधल्या भिंतीवरच्या कॅलेंडरात तिच्या जुन्या तारखेला, २० जुलैला, 'मरिना' लिहिलेलं असतं. मार्गरितचा नामदिन १६ नोव्हेंबरला येतो आणि तो स्कॉटलंडच्या राणी मार्गारेटचा आहे.