भरलेली बाटली, रुसलेला फवारा

टाकण्याआधी थांबा : लेखांक 11

डोंबिवली पूर्वेला राहणाऱ्या माझ्या मावशीच्या कपाटात, पैठणीच्या मागे, परफ्यूमची एक बाटली तीन वर्षं पडून होती. मावसभावाने दुबईहून आणलेली, जाड काचेची, पाऊण भरलेली. गेल्या महिन्यात गेलो तेव्हा तिने ती माझ्यापुढे ठेवली. "ही बघ रे. दाबून दाबून अंगठा दुखला, पण थेंब येत नाही. तुझं ते लेख-बिख असतं ना, त्यात बसतंय का बघ. नाहीतर उद्या भंगारवाला येईल, त्याला देऊन टाकते."

मी वरचं बटण ओढून काढलं, वाटीतल्या कढत पाण्यात टाकलं आणि चहा मागितला. चहा, दोन चकल्या आणि सोसायटीच्या पुनर्विकासाची कधी न संपणारी चर्चा होईपर्यंत पाण्यावर बारीक तेलकट तवंग आला होता. बटण झटकलं, पुसलं, परत बसवलं. सात-आठ वेळा नुसतं टक-टक वाजलं. नवव्यांदा फवारा उडाला तो थेट मावशीच्या चष्म्यावर.

"एवढंच होतं?" ती म्हणाली.

हो, बहुतेक वेळा एवढंच असतं. आणि ते का असतं हे एकदा कळलं की पुढच्या वेळी बाटली भंगारात जात नाही.

बटणाच्या पुढच्या बाजूला एक इवलीशी चकती असते आणि तिला मधोमध भोक. साधारण एक तृतीयांश मिलिमीटरचं. हाताने शिवायची साधी सुई याच्या दुप्पट जाड भरते, म्हणजे अंदाज येईल. या चकतीच्या मागे तिरप्या खाचा कोरलेल्या असतात. खालून दाबाने आलेलं द्रव त्या खाचांमधून शिरताना गरगर फिरायला लागतं आणि भोकातून बाहेर पडताक्षणी त्या फिरण्यामुळेच चहूबाजूंना फुटतं. रंगपंचमीच्या पिचकारीला अशा खाचा नसतात, म्हणून तिची धार पडते. मुरबाडकडे शेतकरी पाठीवर जो फवारणीचा पंप घेऊन फिरतात, त्याच्या नोझलमध्येही द्रव असंच फिरवून सोडतात. तिथे भोक मोठं, इथे केसासारखं.

आता द्रवाकडे बघू. परफ्यूममध्ये तीन चतुर्थांशाच्या वर अल्कोहोलच असतं. ते उडून जातं. त्यात विरघळलेले सुगंधी तेलांचे, राळेचे अंश मात्र उडत नाहीत. वास टिकावा म्हणूनच ते घातलेले असतात. काही घटक तर मुळात घनच असतात. व्हॅनिलिन हा व्हॅनिलाचा वास देणारा पदार्थ 81 अंशांच्या आसपास वितळतो, म्हणजे आपल्या खोलीत तो पांढऱ्या भुकटीसारखा असतो. अल्कोहोल आहे तोवर विरघळलेला, अल्कोहोल उडालं की खडा. गोड, जड वासाच्या बाटल्या लवकर तुंबतात असा माझा अनुभव आहे, आणि मला वाटतं कारण हेच असावं.

रोज वापरली तर बाटली तुंबत नाही. आज भोकात राहिलेला थर उद्याचं ताजं अल्कोहोल विरघळवून बाहेर नेतं. तुंबते ती जपून ठेवलेली. आपल्या घरांत चांगला परफ्यूम लग्नकार्यासाठी राखलेला असतो. दिवाळीच्या पहाटे फडके रोडला जायला निघताना किंवा गुढीपाडव्याच्या सकाळी तो बाहेर निघतो. डोंबिवलीत 1999 पासून नववर्षाची स्वागतयात्रा निघते. त्या सकाळी नऊवारीवर फेटा बांधून झाल्यावर किती घरांत 'अगं उडत नाहीये' ऐकू येत असेल! मधले सहा महिने त्या भोकात थर वाळत बसलेला असतो.

तेव्हा उपाय असा. बटण सरळ वर ओढा, पिळू नका. वाटीत गरम पाणी घेऊन पंधरा-वीस मिनिटं बुडवून ठेवा. तेवढ्याने नाही भागलं तर मेडिकलमधून सर्जिकल स्पिरिट आणा आणि चमचाभर स्पिरिटमध्ये तासभर ठेवा. राळेसारखे थर पाण्यापेक्षा त्यात चटकन सुटतात. नेलपॉलिश रिमूव्हर वापरू नका. त्यातल्या अ‍ॅसिटोनने कित्येक बटणांचं प्लास्टिक आणि सोनेरी मुलामा दोन्ही खराब होतात. आणि सुई तर अजिबात नको. भोक मोठं झालं, कडा दुखावली, की त्या बटणातून फवारा पुन्हा उडत नाही, पिचकारीच उडते.

एक सावधगिरी. पाण्यात बटण जातं, बाटली नाही. गॅसजवळ, निरांजनाजवळ, उदबत्तीजवळ हे काम करायचं नाही. शुद्ध अल्कोहोलची वाफ 13-14 अंशांनाच ठिणगी मिळाली की पेट घेते, आणि ठाण्या-कल्याणात थंडीतल्या दुपारीही पारा त्याच्या कितीतरी वर असतो. काडी पेटवून भोक 'मोकळं' करणारे महाभाग मी पाहिलेत.

बटण साफ झालं तरी उडत नाही? मग दुसऱ्या चालू बाटलीचं बटण यावर बसवून बघा. बऱ्याचदा बसतं. त्याने फवारा आला तर दोष बटणाचाच. नाही आला तर खाली पंपात बघायचं.

पंप म्हणजे बोटाच्या पेराएवढा दट्ट्या, खाली एक स्प्रिंग, तळाशी झडपेची छोटी गोळी आणि तिच्याखाली द्रवात सोडलेली नळी. बटण दाबलं की दट्ट्या खाली जातो, सोडलं की स्प्रिंग त्याला वर ढकलते आणि नळीतून द्रव वर खेचलं जातं. हल्लीच्या पंपांत आणखी एक खुबी असते. आतला दाब पुरेसा चढल्याशिवाय बाहेरची झडप उघडतच नाही, त्यामुळे पहिल्या क्षणापासून जोरात फवारा येतो, थेंब ओघळत नाहीत. पण त्याच खुबीमुळे हे पंप हवेपुढे हतबल होतात. द्रव दाबलं जात नाही, हवा दाबली जाते. कप्प्यात हवा शिरली की तुम्ही दाबता, ती आकसते, सोडता, ती फुगते, आणि झडप उघडण्याइतका दाब काही चढत नाही.

सोसायटीत ज्यांनी सेक्रेटरीपद भोगलंय त्यांना हे सांगायला नको. पाण्याच्या टाकीचा पंप 'हवा धरतो' तेव्हा मोटर घूं घूं करत राहते आणि वर थेंब चढत नाही. प्लंबर येऊन पंपात तांब्याने पाणी ओततो आणि दोनशे रुपये घेऊन जातो. बाटलीत पाणी ओतता येत नाही, म्हणून तिला उभी धरायची आणि पूर्ण खालपर्यंत, सावकाश, वीस-पंचवीस वेळा दाबायची. घाईघाईने अर्धवट दाबून उपयोग नाही, प्रत्येक दाब तळापर्यंत गेला पाहिजे. मावशीचा अंगठा दुखला तो बटण तुंबल्यामुळे. ते तुंबलं असताना हवा बाहेर जायलाही वाट नव्हती.

बाटली उजेडासमोर धरून नळीही बघा. द्रव तळाला गेलं असेल आणि नळी वाकून दुसऱ्या कोपऱ्यात टेकली असेल, तर बाटली त्या बाजूला कलती करून दाबली की काम होतं. चार-पाच फवारे ठीक, मग बंद, अर्ध्या तासाने पुन्हा ठीक, असं होत असेल तर खालच्या कडेची हवा आत यायची फट तुंबली आहे. जेवढं द्रव बाहेर जातं तेवढी हवा आत यावी लागते. बटण काढून कडेला स्पिरिटचे दोन थेंब सोडा.

हे सगळं करूनही दट्ट्या हलत नसेल तर पंप गेला. आणि इथे मला कारखानदारांशी भांडायचं आहे. बहुतेक परफ्यूमच्या बाटल्यांना आटेच नसतात. पंप मानेवर ठेवून त्याभोवती अ‍ॅल्युमिनियमची कडी मशीनने आवळलेली असते. गळती होऊ नये, कोणी भेसळ करू नये, ही कारणं खरीच आहेत. पण दोन-चार रुपयांचा पंप बिघडला म्हणून हजारोंचं द्रव आत कोंडून राहतं त्याचं काय? एका दाबात साधारण 0.1 मिली द्रव बाहेर येतं, म्हणजे 100 मिलीच्या बाटलीत हजारेक फवारे. पाऊण बाटली म्हणजे साडेसातशे फवारे काचेआड बंद.

ही कडी मी एकदा पकडीने उघडली आहे. नौपाड्यातल्या आमच्या घरी, स्वयंपाकघराच्या ओट्यावर, हे विशेष. कडी सुटता सुटता पकड काचेला लागली आणि मानेचा टवका उडाला. हात वाचला. ओट्याच्या फटीत गेलेला परफ्यूम मात्र पंधरा दिवस घरात राहिला. पोळीला वास, वरणाला वास, डब्यातल्या रव्याला वास. बायकोने त्या पंधरा दिवसांत एकदाही तक्रार केली नाही. ते जास्त वाईट होतं.

तेव्हा कडी उघडायचीच असेल तर बाटली जाड फडक्यात गुंडाळा, डोळ्यांवर चष्मा लावा, कडीचा काठ थोडा थोडा करून सोलल्यासारखा बाहेर वाकवा आणि हे काम गॅलरीत करा. आतलं द्रव आट्यांच्या झाकणाच्या बाटलीत गाळून ओता. अशा रिकाम्या स्प्रे-बाटल्या ठाण्यात, कल्याण-डोंबिवलीत सौंदर्यप्रसाधनांच्या दुकानांत मिळतात.

त्या बाटलीत अत्तर मात्र ओतू नका. कल्याणच्या पारनाक्याजवळ राहणाऱ्या माझ्या मित्राने मोहम्मद अली रोडवरून आणलेलं अत्तर स्प्रेच्या बाटलीत भरलं आणि महिनाभर 'नकली माल दिला' म्हणत दुकानदाराच्या नावाने बोटं मोडली. अत्तरात अल्कोहोल नसतं, ते तेलात उतरवलेलं असतं, पारंपरिक पद्धतीत चंदनाच्या तेलात. एवढं दाट तेल त्या खाचांमधून फिरत नाही. अत्तराला फाया आणि मनगट पुरे. 2020 साली ज्यांनी रिकाम्या परफ्यूमच्या बाटल्यांत जेलचं सॅनिटायझर भरलं, त्यांचेही पंप असेच कायमचे बसले.

आपल्या आजीची गुलाबदाणी या सगळ्यांपेक्षा शहाणी. ना दट्ट्या, ना स्प्रिंग. हळदीकुंकवाला नुसती झटकायची. तिच्या जाळीतली भोकं काळवंडून बुजली तर तिथे खुशाल सुई घाला, धातू आहे, बिघडत नाही. तिच्यानंतर आली ती रबरी फुग्याची बाटली, जुन्या हिंदी सिनेमांत खलनायकाच्या ड्रेसिंग टेबलावर दिसायची ती. फुगा दाबला की हवेचा झोत नळीच्या तोंडावरून जातो, तिथला दाब कमी होतो आणि द्रव आपोआप वर चढतं. अमेरिकेत टोलेडोचे डॉक्टर अ‍ॅलन डिव्हिल्बिस यांनी 19व्या शतकाच्या अखेरीस असं यंत्र रुग्णांच्या घशात औषध फवारण्यासाठी बनवलं. सुगंध त्यात मागाहून शिरला. चाळीत डासांवर मारायचा पत्र्याचा फ्लिटचा पंप आठवतो? तत्त्व तेच.

डिओडरंटचे धातूचे डबे मात्र या लेखात बसत नाहीत. त्यांच्यात पंप नसतो, दाबाखाली भरलेला ज्वालाग्राही गॅस असतो. बटण काढून धुवा, तेवढंच. डब्याला टोचणं, तापवणं, ठोकणं, काहीही नको.

आपल्याकडे या विषयाचे जाणकार लांब नाहीत. ठाण्याच्या अलीकडचं स्टेशन मुलुंड. 1922 साली सुरू झालेल्या एस. एच. केळकर आणि कंपनीचा सुगंधाचा कारखाना तिथे, आणि केळकर एज्युकेशन ट्रस्टच्या वझे महाविद्यालयात परफ्यूमरी शिकवतात. एवढं सगळं एका स्लो लोकलच्या टप्प्यात असताना आट्यांच्या झाकणाच्या बाटलीतला परफ्यूम आपल्याकडे सर्रास मिळू नये, याचं मला नवल वाटतं. पुढच्या वेळी परफ्यूम घेताना मानेकडे बघा. फिरवून उघडणारी असेल तर दोन पैसे जास्त द्या.

आणि संपलेली बाटली भंगारात देताना लेबल खरवडा, बटण मोडून टाका. नामांकित कंपनीच्या धडधाकट रिकाम्या बाटलीत स्वस्तातलं काहीतरी भरून ती पुन्हा विकली जाऊ शकते. मावशीची बाटली तूर्त भंगारात जाणार नाही. ती आता दळण आणायला जातानाही दोन फवारे मारते.

(पुढील लेखांकात : कुकरची शिट्टी होत नाही तेव्हा)