नखाखालचं हाड

पायाच्या अंगठ्याचं नख एका बाजूने उचललं जातं, बूट घातला की ठणकतं. घरातलं निदान ठरलेलं: नख रुतलंय, नाहीतर चामखीळ. मग कोपरा कापणं, हळद, मलम सुरू. पण नखाखालची गाठ दाबली तर दगडासारखी घट्ट लागते. ते हाडच असतं! अंगठ्याच्या शेवटच्या हाडावर, कूर्चेची टोपी घालून, बहुधा विशीच्या आगेमागे वाढलेलं. फ्रेंच शल्यविशारद द्युपुइत्रां यांनी १९व्या शतकातच त्याचं वर्णन केलं. हा कर्करोग नव्हे. एक्स-रेत बहुतेकदा उलगडा होतो, आणि नेमका तोच काढायचा राहतो. औषधाने ही वाढ विरघळत नाही. बोट बधिर करून, नखाचा भाग उचलून ती मुळापर्यंत खरवडतात. तुकडा तपासणीला जातो. मूळ राहिलं, तर पुन्हा उगवते.