ताण संत्र्याला, लाड वेलीला

संग्रामपूर, जळगाव जामोदकडच्या संत्रा बागायतदाराला ताण म्हणजे काय हे शिकवावं लागत नाही. आंबिया बहार धरायचा तर हिवाळ्यात पाणी बंद, पानं मलूल झाली की मग पाणी देऊन ताण तोडायचा. त्याच्याच घराच्या फाटकावरची बोगनवेल मात्र रोज दोन्ही वेळा पाइपाखाली! वर तक्रार, "पाला बक्कळ, फूल एक नाही."

ऊन कडक म्हणून पाणी जास्त आणि पाणी जास्त म्हणजे फुलं जास्त, हा हिशेब बोगनवेलीला लागू नाही. सतत ओल मिळाली की ती नुसता पाला वाढवते. जमिनीत रुजलेल्या जुन्या वेलीचं पाणी थांबवा, कोवळे शेंडे माना टाकू लागले की एकदा भरपूर द्या आणि पुन्हा माती वाळू द्या. काळ्या मातीला वरून भेगा पडल्या तरी खाली ओल असते, तेव्हा खुरप्याने वीतभर उकरून पाहा. कुंडी मात्र मे महिन्यात एका दिवसात कोरडी पडते, तिला इतका छळ नको. कपाशीतून उरलेला मूठभर युरिया टाकण्याचा मोहही आवरा, नत्राने पालाच फोफावतो.

"ऊन लागेल" म्हणून तिच्यावर हिरवी जाळी बांधणारेही आहेत. तिला रोज पाच-सहा तास थेट ऊन हवंच. आपण फुलं म्हणतो ती मुळात रंगीत पानं. खरं फूल म्हणजे त्यांच्या मधली बारीक पांढरट नळी.

जाई-जुईला हा न्याय लावू नका. कळ्या धरल्यावर माती सुकली तर कळ्या गळतात. त्यांची विश्रांती थंडीत: पाणी कमी, छाटणी, मग शेणखत.

छाटली की वेल बिघडते, हेही खरं नाही. बिघडतो तो मुहूर्त. संक्रांतवेलीचे नारिंगी घोस फांद्यांच्या टोकांना येतात. दिवाळीच्या साफसफाईत शेंडे उडवले, तर संक्रांतीला फुलायचं कुठून? तिला बहार ओसरल्यावरच कात्री लावा.

घाटाखाली, पूर्णेच्या खारपाणपट्ट्यात आणखी एक घोळ होतो. पानांच्या कडा करपल्या की दोष उन्हाला, आणि उपाय म्हणून बोअरचं तेच खारं पाणी दुप्पट. मातीवर पांढरा थर दिसत असेल तर दोष पाण्याचा समजा. छपराचं पावसाचं पाणी टाकीत साठवता आलं तर ते जाई-जुईला राखून ठेवा. बोगनवेल खारं पाणी बऱ्यापैकी सोसते.