निनावी पत्रे आणि स्मृतीची साक्ष

पालीतील ‘सति’ या शब्दाचा मूळ अर्थ स्मरण. पुढे तोच शब्द जागरूकतेसाठी रूढ झाला. स्मरण हा गतकाळाचा निर्जीव साठा नसून वर्तमानात करावयाची कृती होय, असा बोध त्यातून होतो. प्रायोगिक चित्रपट ही कृती कशी करतो, हे समजण्यास पायल कपाडिया यांचा ‘अ नाइट ऑफ नोइंग नथिंग’ हा चित्रपट उपयुक्त आहे. २०२१ साली कान महोत्सवात त्यास सर्वोत्कृष्ट माहितीपटाचा पुरस्कार मिळाला.

पुण्याच्या फिल्म संस्थेच्या वसतिगृहात एक पेटी सापडते, असा चित्रपटाचा आरंभ आहे. ‘एल’ या विद्यार्थिनीने आपल्या प्रियकरास लिहिलेली पत्रे तीत असतात. जात भिन्न म्हणून त्याच्या घरच्यांनी विवाहास नकार दिलेला आहे. पत्रे कल्पित आहेत. परंतु ती ऐकताना दिसते ते खरे जग : २०१५ मधील संस्थेचा १३९ दिवसांचा संप, २०१६ मध्ये रोहित वेमुला यांच्या मृत्यूनंतर उसळलेला विद्यार्थ्यांचा संताप, अनोळखी कुटुंबांच्या जुन्या घरगुती चित्रफिती.

सामान्य चित्रपटात आवाज व दृश्य परस्परांस पुष्टी देतात. येथे ती विलग ठेवली आहेत. दुवा प्रेक्षकाने जोडावयाचा असतो. त्यामुळे एकीची वेदना अनेकांची होते. ‘मिलिंदपञ्हा’तील रथाचा दृष्टान्त वाचकांस परिचित आहेच. सुट्या भागांच्या जुळणीस आपण ‘रथ’ म्हणतो. ‘एल’ ही ओळखही तशीच अवशेषांतून जुळते.

तथापि येथे एक भेद ध्यानी घेतला पाहिजे. निनावीपण कलेला मानवते. आपल्या समाजावर मात्र ते इतिहासाने लादले. औरंगाबादच्या विद्यापीठाच्या नामांतराचा लढा १९७८ पासून १९९४ पर्यंत चालला. लासूर स्टेशनसारख्या जवळच्या गावांतून त्या काळची छायाचित्रे, जयंतीच्या मिरवणुकांच्या व्हिडिओ कॅसेटी कोणाच्या पेटीत असतील, तर त्यांची निगा आजच घ्यावयास हवी. कॅसेटीवरील चुंबकीय थर कालांतराने क्षीण होतो आणि ती चालविणारी यंत्रेही आता दुर्मिळ झाली आहेत. ही सामग्री संगणकावर उतरवून घ्यावी. स्थळ, वर्ष व दिसणाऱ्या व्यक्तींची नावे वडीलधाऱ्यांना विचारून लिहून ठेवावीत.

उद्याचा चित्रपटकार त्या अवशेषांची जुळणी आपल्या परीने करील. त्याच्या हाती जाणारी साक्ष नावानिशी असावी, एवढे आपल्या हाती आहे, असे आम्हांस वाटते.